बोरिवलीचे मंडपेश्वर : लेणे, मठ आणि उपनगरातील आद्य महाविद्यालयीन वास्तू

प्रास्ताविक

मुंबईच्या उपनगरांतील महाविद्यालयीन शिक्षणाचा इतिहास सांगताना सर्वसाधारणपणे १९३० साली जोगेश्वरीच्या टेकडीवर सुरू झालेल्या इस्माईल युसूफ महाविद्यालयापासून आरंभ केला जातो. त्यानंतर अंधेरीचे भवन्स महाविद्यालय (१९४६), विलेपार्ल्याचे पार्ले कॉलेज (१९५९) आणि पुढे साठच्या दशकात घाटकोपर व विद्याविहार परिसरात उभी राहिलेली महाविद्यालये असा हा क्रम मांडला जातो. १८५७ साली स्थापन झालेल्या मुंबई विद्यापीठाच्या चौकटीत ही मांडणी योग्यच आहे. परंतु 'महाविद्यालय' या संज्ञेने ओळखली गेलेली आणि त्याच हेतूने बांधलेली वास्तू या भूमीवर त्यापूर्वी सुमारे पावणेचारशे वर्षे उभी होती, ही बाब या मांडणीत दृष्टीआड होते. बोरिवली पश्चिमेस मंडपेश्वर लेण्याच्या माथ्यावर दिसणाऱ्या छप्परहीन भिंती हे त्या वास्तूचे अवशेष होत. सोळाव्या शतकाच्या मध्यास फ्रान्सिस्कन संघाच्या धर्मगुरूंनी पोर्तुगीज राजाच्या आश्रयाने येथे 'कोलेजिओ', म्हणजे महाविद्यालय व मठ उभारला.

या स्थळाविषयी आजवर प्रामुख्याने दोन प्रकारे लिहिले गेले आहे. लेण्यांचे अभ्यासक खालच्या शैव शिल्पांचा विचार करतात आणि वरच्या भिंतींचा उल्लेख 'नंतरचे अतिक्रमण' एवढ्यावर आटोपतात. चर्चच्या इतिहासाचे अभ्यासक मठाचा विचार करतात आणि लेण्याकडे केवळ पार्श्वभूमी म्हणून पाहतात. प्रस्तुत लेखात ही दोन्ही बांधकामे एकच वास्तू म्हणून पाहण्याचा प्रयत्न केला आहे. महाविद्यालयाची भुई हेच लेण्याचे छत आहे; आणि महाविद्यालयाच्या निर्वाहाचा एक आधारही पूर्वीच्या देवस्थानाचे उत्पन्न हाच होता. दगड आणि द्रव्य या दोन्ही दृष्टींनी वरची संस्था खालच्या संस्थेवर उभी आहे. हे परस्परावलंबन ध्यानात घेतल्याखेरीज या वास्तूचा इतिहासही नीट लिहिता येत नाही आणि तिचे जतनही करता येत नाही, हे या लेखाचे प्रतिपाद्य आहे.

स्थान आणि नाव

मंडपेश्वर हे ठिकाण प्राचीन साष्टी बेटाच्या वायव्य भागात येते. 'साष्टी' हे नाव सहासष्ट गावांचा समूह या अर्थाच्या शब्दापासून आले, असे मानले जाते. गोव्यातही याच नावाचा तालुका असल्याने पोर्तुगीज साधने वाचताना उत्तर कोकणातील साष्टी आणि गोव्यातील साष्टी यांत गल्लत होऊ न देणे आवश्यक ठरते. मंडपेश्वर या नावाचा उच्चार पोर्तुगीजांच्या तोंडी 'मोनपासेर', 'मोनपेझिर' असा बदलला. इंग्रजी लेखनातील 'माँटपेझिर' आणि आजचे 'माउंट पोयसर' ही नावे त्याच परंपरेतील आहेत. लगतची आय. सी. कॉलनी ही वसाहत 'इमॅक्युलेट कन्सेप्शन' या चर्चच्या नावाची आद्याक्षरे धारण करते. अशा रीतीने शैव देवस्थान, पोर्तुगीज मठ आणि आधुनिक उपनगर या तिन्ही अवस्थांच्या खुणा या परिसराच्या नावांत शिल्लक आहेत.

प्रशासकीय दृष्ट्या हा भाग दीर्घकाळ ठाणे जिल्ह्यात होता. बोरिवलीचा समावेश बृहन्मुंबईत १९५७ साली झाला आणि मुंबई उपनगर हा स्वतंत्र जिल्हा १९९० साली अस्तित्वात आला. त्यामुळे मंडपेश्वराविषयीची एकोणिसाव्या शतकातील महत्त्वाची माहिती मुंबईविषयक ग्रंथांपेक्षा १८८२ साली प्रसिद्ध झालेल्या ठाणे जिल्ह्याच्या गॅझेटियरमध्ये सापडते. मुंबईच्या शैक्षणिक इतिहासातून हे स्थळ निसटण्यामागे साधनांचे हे विभाजनही एक कारण आहे.

मूळ वास्तू : शैव लेणे

साष्टी बेटावरील कान्हेरी, महाकाली (कोंडिविटे) आणि मागाठाणे ही लेणी बौद्ध परंपरेतील, तर जोगेश्वरी व मंडपेश्वर ही शैव परंपरेतील होत. मंडपेश्वराचा काळ काही अभ्यासक सहाव्या शतकाच्या उत्तरार्धात, तर काही आठव्या शतकात ठेवतात. घारापुरी आणि जोगेश्वरी यांच्याशी त्याचे नाते मात्र सर्वमान्य आहे. पुढे स्तंभांची ओळ, आत मंडप, त्यामागे लिंगाचे गर्भगृह आणि बाजूस शिल्पांकित दालने अशी त्याची सर्वसाधारण रचना आहे. बाजूच्या दालनातील नटराजाचा शिल्पपट हा येथील सर्वाधिक उल्लेखिला जाणारा भाग होय. या गटातील लेणी पाशुपत संप्रदायाशी जोडली जातात.

या लेण्यांकडे केवळ पूजास्थाने म्हणून पाहणे अपुरे ठरते. त्या काळी धर्मस्थान, साधकांचे निवासस्थान आणि अध्ययनस्थान यांत आजच्यासारखी विभागणी नव्हती. शेजारच्या कान्हेरी येथे नवव्या शतकातील, शिलाहारांच्या काळातील शिलालेखांत विहाराची दुरुस्ती, भिक्षूंची वस्त्रे आणि ग्रंथ यांसाठी दिलेल्या दानाची नोंद आढळते. त्याहून प्राचीन लेखांत 'अक्षयनीवी' म्हणजे मूळ रक्कम न मोडता केवळ व्याजातून खर्च करावयाचा कायम निधी ही संकल्पना येते. विद्येच्या ठिकाणी तीन गोष्टींसाठी पैसा लागतो : राहणाऱ्यांचा निर्वाह, ग्रंथ आणि इमारतीची देखभाल. ही जाणीव साष्टीत हजार वर्षांपूर्वी दगडावर कोरली गेली होती. मंडपेश्वराच्या पुढील इतिहासाकडे पाहताना ही पार्श्वभूमी उपयुक्त ठरते.

'कोलेजिओ' : संज्ञा आणि संस्था

२३ डिसेंबर १५३४ रोजी झालेल्या वसईच्या तहान्वये गुजरातचा सुलतान बहादूरशहा याने वसई, साष्टी आणि मुंबईची बेटे पोर्तुगीजांच्या स्वाधीन केली. त्यानंतरच्या दशकात फ्रान्सिस्कन धर्मगुरू आंतोनिओ दो पोर्तो यांचे कार्य वसई व साष्टी परिसरात सुरू झाले. त्यांनी मंडपेश्वराच्या लेण्याचे चर्चमध्ये रूपांतर करून ते 'नोसा सेन्योरा द पिएदादे' म्हणजे करुणामयी मातेच्या नावे अर्पण केले आणि लेण्याच्या माथ्यावर मठ व महाविद्यालयाची उभारणी केली. पोर्तुगालचा राजा दों जुआंव तिसरा (कारकीर्द १५२१–१५५७) याच्या आश्रयामुळे ही संस्था 'रॉयल कॉलेज' म्हणून ओळखली गेली.

येथे 'महाविद्यालय' या शब्दाचा अर्थ स्पष्ट करणे आवश्यक आहे. सोळाव्या शतकातील 'कोलेजिओ' म्हणजे पदवी देणारी संस्था असा अर्थ नव्हता. एका छताखाली, एका नियमाखाली राहून शिकणाऱ्या मुलांचे आणि त्यांच्या शिक्षकांचे ते निवासी विद्यालय असे. युरोपातही 'कॉलेज' या शब्दाचा मूळ अर्थ सहनिवासी समूह असाच होता. मंडपेश्वर येथे नवदीक्षित ख्रिस्ती कुटुंबांतील मुलांना शिक्षण दिले जात असे. अशा फ्रान्सिस्कन विद्यालयांत धर्मतत्त्वे, वाचन, लेखन आणि चर्चमधील गायन यांवर भर असे. मलबारात क्रांगानोर येथे फ्रान्सिस्कनांनी १५४०च्या दशकाच्या आरंभी असे विद्यालय स्थापिले. गोव्यात बार्देश येथील रेइश मागुश हे त्याच परंपरेतील आणखी एक केंद्र. जेझुइट संघाच्या ताब्यात १५४८ साली आलेले गोव्याचे सेंट पॉल महाविद्यालय हे या सर्वांत अधिक विस्तृत होते आणि १५५६ साली भारतातील पहिले मुद्रणालय तेथेच सुरू झाले. मंडपेश्वराचे महाविद्यालय या साखळीतील, उत्तर कोकणातील एक महत्त्वाचा दुवा होते.

उत्पन्नाचा प्रश्न

पोर्तुगीज साम्राज्यात पोपच्या संमतीने धर्मप्रसाराचा आणि धर्मसंस्थांच्या निर्वाहाचा भार राजाकडे होता. 'पाद्रुआदो' या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या व्यवस्थेत धर्मगुरूंचा खर्च राजाच्या तिजोरीतून होई. परंतु तिजोरीत येणारा पैसा स्थानिक जमिनीचाच असे. गोव्यात १५४१ साली मोडलेल्या देवळांच्या जमिनींचे उत्पन्न नव्या धर्मसंस्थांकडे आणि सेंट पॉल महाविद्यालयाच्या उभारणीकडे वळविण्यात आले. मंडपेश्वर येथेही देवस्थानाचे पूर्वीचे उत्पन्न राजाज्ञेने फ्रान्सिस्कनांच्या संस्थेकडे वर्ग झाले.

या घटनेचा अर्थ सौम्य शब्दांत लपविणे इतिहासलेखनाच्या दृष्टीने योग्य ठरणार नाही. गावाने देवासाठी राखलेले उत्पन्न सत्तेच्या बळावर काढून घेऊन त्यातून विद्यालय चालविले गेले. आंतोनिओ दो पोर्तो यांनी सुमारे २०० देवळे मोडल्याचे फ्रान्सिस्कन परंपरेत सांगितले जाते. हा आकडा धर्मवीराचा गौरव करण्याच्या हेतूने नोंदविलेला असल्याने तो मोजणीचा आकडा म्हणून स्वीकारता येत नाही. मात्र असा आकडा अभिमानाने सांगितला गेला, हीच बाब त्या काळाच्या धोरणाचा सबळ पुरावा ठरते. दुसरीकडे, या विद्यालयात शिकलेली मुले याच परिसरातील आगरी, कोळी, भंडारी, कुणबी अशा समाजांतून आलेल्या कुटुंबांची वंशज होती. आजच्या ईस्ट इंडियन समाजाच्या घडणीत साष्टीतील अशा संस्थांचा वाटा आहे. तेव्हा हे महाविद्यालय 'परक्यांचे' होते, असे म्हणून त्याचा विषय संपविता येत नाही. ते परक्या सत्तेने चालविले, पण शिकले ते साष्टीचेच लोक.

वास्तुरचना : छतावरचे महाविद्यालय

साष्टी व वसई परिसरातील पोर्तुगीज मठ साधारणतः एका ठरलेल्या आराखड्याने बांधले जात. एका बाजूस लांबट चर्च, त्याला लागून मधल्या चौकाभोवती कमानींच्या पडव्या, तळमजल्यावर भोजनगृह व कोठ्या आणि वर राहण्याच्या खोल्या अशी ही मांडणी असे. मराठी वाचकास चौसोपी वाड्याच्या रचनेवरून तिची कल्पना सहज यावी. ओबडधोबड दगडांच्या जाड भिंती, कोपऱ्यांना व दाराखिडक्यांच्या चौकटींना घडीव दगड, चुन्याचा दर्जा आणि गिलावा, लाकडी तुळयांवर कौलारू छप्पर ही बांधकामाची सर्वसाधारण पद्धत होती. उत्तर कोकणात शिंपल्यांपासून केलेला चुना आणि भोवतालच्या जंगलातील साग ही सामग्री जवळच उपलब्ध होती. वसईच्या किल्ल्यातील फ्रान्सिस्कन चर्चच्या अवशेषांत ही पद्धत आजही अभ्यासता येते.

मंडपेश्वराचे वेगळेपण या आराखड्यात नसून तो जेथे बसविला गेला त्या जागेत आहे. सपाट भूमीवर पाया खणण्याऐवजी येथे कोरलेल्या खडकाचा माथा हाच पाया म्हणून वापरण्यात आला. त्यामुळे एकाच उभ्या छेदात तळाशी कोरून काढलेली वास्तू आणि वर रचून उभारलेली वास्तू असे दोन परस्परविरोधी बांधकामविचार एकत्र आले. लेण्यात शिल्पी वरून खाली दगड काढून पोकळी निर्माण करतो. मठात गवंडी खालून वर दगड रचून पोकळी बंदिस्त करतो. या दोन कृतींमधील खडकाचा थर लेण्याच्या दृष्टीने छत आणि महाविद्यालयाच्या दृष्टीने भुई आहे. वास्तुशास्त्राच्या विद्यार्थ्यांना ही दोन तत्त्वे एकाच ठिकाणी दाखवू शकणारे दुसरे स्थळ मुंबई परिसरात सहसा आढळणार नाही.

लेण्याच्या अंतर्भागात चर्चच्या गरजेनुसार बदल करण्यात आले. मूर्तींचे दर्शन होऊ नये म्हणून शिल्पांकित भाग भिंती व गिलाव्याआड झाकले गेले. बाहेरच्या बाजूस एका शिल्पपटाचा भाग तासून त्यातून मोठा क्रूस घडविण्यात आला. तो आजही दिसतो. येथे एक विरोधाभास लक्षात घेण्यासारखा आहे. जे शिल्प क्रूसासाठी तासले गेले ते कायमचे नष्ट झाले. जी शिल्पे द्वेषापोटी वा धर्मनियमापोटी झाकली गेली, त्यांना त्याच आवरणाने काही काळ वारा, पाणी आणि मानवी हस्तक्षेप यांपासून आडोसाही दिला. म्हणून 'विध्वंस' आणि 'रक्षण' हे शब्द या स्थळाबाबत सरसकट न वापरता प्रत्येक भागापुरते तपासून वापरावे लागतात.

प्रवाशांच्या नोंदी आणि सत्तांतर

पोर्तुगीज इतिहासकार दियोगो दो कौतो (१५४२–१६१६) याने साष्टीतील लेण्यांचे वर्णन करताना मंडपेश्वराची दखल घेतली आहे. सतराव्या शतकात गोव्यात पाउलो द त्रिंदादे या फ्रान्सिस्कन लेखकाने आपल्या संघाचा जो विस्तृत इतिहास लिहिला, त्यातही या स्थळाला स्थान आहे. इटालियन प्रवासी जेमेल्ली करेरी १६९५ साली साष्टीत आला होता. खडकात कोरलेले खालचे चर्च पूर्वी देऊळ होते आणि वर फ्रान्सिस्कनांचा मठ व महाविद्यालय आहे, ही जाणीव त्याच्या काळापर्यंत जिवंत होती. जागेचा पूर्वेतिहास विसरला गेलेला नव्हता, हे यावरून दिसते.

१७३७ साली चिमाजी अप्पांच्या नेतृत्वाखालील मोहिमेत मराठ्यांनी ठाणे व साष्टी घेतली आणि मे १७३९ मध्ये वसईचा किल्ला पडला. यानंतर उत्तर कोकणातील पोर्तुगीज सत्तेबरोबरच तिच्या आधारावर चालणाऱ्या धर्मसंस्थांचेही दिवस संपले. राजाश्रय हाच ज्या महाविद्यालयाचा कणा होता, ते राजसत्ता जाताच टिकू शकले नाही. इमारत मोडण्यापूर्वीच संस्था मोडली. लेणे पुन्हा शैव उपासनेकडे आले. वरचा मठ ओस पडला. १७७४ साली इंग्रजांनी साष्टी घेतली आणि १७८२ च्या सालबाईच्या तहाने त्यांचा ताबा कायम झाला. एकोणिसाव्या शतकात फर्ग्युसन व बर्जेस यांच्या १८८० सालच्या लेण्यांवरील ग्रंथातून आणि पाठोपाठ ठाणे गॅझेटियरमधून मंडपेश्वर अभ्यासकांसमोर आले. परंतु तोवर वरच्या वास्तूकडे 'अवशेष' म्हणूनच पाहिले जाऊ लागले होते.

शिक्षणाचा धागा मात्र या टेकडीवरून पूर्णपणे तुटला नाही. विसाव्या शतकात माउंट पोयसरवर पुन्हा फ्रान्सिस्कन परंपरेतील बंधूंनी शाळा चालविली आणि १९९९ साली तेथेच सेंट फ्रान्सिस अभियांत्रिकी महाविद्यालय सुरू झाले. जुन्या महाविद्यालयाशी त्याचे संस्थात्मक सातत्य नाही. तरीही एकाच टेकडीवर साडेचारशे वर्षांच्या अंतराने दोन महाविद्यालये उभी राहावीत, ही उपनगराच्या शैक्षणिक भूगोलातील उल्लेखनीय घटना आहे.

जतनाचा प्रश्न

मंडपेश्वराचे लेणे आणि त्यावरील पोर्तुगीज मठ ही दोन्ही भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या संरक्षणाखाली आहेत. संरक्षित स्मारकाभोवती १०० मीटरपर्यंत बांधकामास मनाई आणि त्यापुढील २०० मीटरपर्यंत नियंत्रण ही तरतूद १९९२ च्या अधिसूचनेने आणि पुढे २०१० च्या कायदेदुरुस्तीने दृढ झाली. दाट वस्तीच्या उपनगरात हा नियम स्मारकास उपकारक असला, तरी त्यामुळे शेजारच्या जुन्या इमारतींच्या पुनर्बांधणीचे प्रश्न निर्माण होतात. स्मारक आणि रहिवासी यांचे हितसंबंध परस्परांसमोर उभे राहिल्यास अखेरीस स्मारकाविषयीची आपुलकीच कमी होते, हे विसरून चालणार नाही.

तथापि मूळ प्रश्न वास्तूच्या अंगभूत रचनेचा आहे. मठाचे छप्पर होते तोवर पावसाचे पाणी कौलांवरून बाहेर वाहून जात असे. छप्पर गेल्यावर तेच पाणी उघड्या भुईवर पडते, खडकाच्या भेगांतून झिरपते आणि खालच्या मंडपाच्या छतापर्यंत पोहोचते. भिंतींत रुजलेल्या वड-पिंपळाच्या मुळ्या दर्जा सैल करतात आणि भेगा रुंदावतात. म्हणजेच वरच्या मठाची उपेक्षा हीच खालच्या लेण्याची हानी ठरते. मठ परकीय म्हणून ढासळू द्यावा आणि लेणे आपले म्हणून जपावे, असा विचार भावनेच्या पातळीवर कोणास पटला, तरी पाण्याच्या वाटेपुढे तो टिकत नाही. त्याचप्रमाणे मठाच्या भिंती जपू इच्छिणाऱ्यांनाही खालचा खडक सुरक्षित राखल्यावाचून गत्यंतर नाही.

या संदर्भात परिसरातील महाविद्यालयांना निश्चित कार्य करता येण्याजोगे आहे. मुंबई विद्यापीठाचे बहिःशाल अध्ययन केंद्र आणि विलेपार्ल्याचे साठ्ये महाविद्यालय यांच्या पुढाकाराने २०१५-१६ च्या सुमारास झालेल्या साष्टी सर्वेक्षणाने उपनगरी महाविद्यालयांतील प्राध्यापक व विद्यार्थी पुरातत्त्वीय नोंदीत मोलाची भर घालू शकतात, हे दाखवून दिले. मंडपेश्वराबाबत इतिहास विभागांनी पोर्तुगीज साधनांचे मराठीत परिचय करून देणे, स्थापत्य व अभियांत्रिकी विभागांनी लेणे आणि मठ यांचे एकत्रित मोजमाप व उभे छेद तयार करणे, तर भूशास्त्र व वनस्पतिशास्त्र विभागांनी पाझर आणि वनस्पतींची ऋतुनिहाय नोंद ठेवणे, अशी कामाची विभागणी पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या अनुमतीने शक्य आहे. लेण्याचा स्वतंत्र नकाशा आणि मठाचा स्वतंत्र नकाशा यांपेक्षा दोहोंमधील खडकाची जाडी दाखविणारा एक छेद अधिक उपयुक्त ठरेल.

समारोप

मंडपेश्वराची वास्तू उपनगरातील शिक्षणाच्या इतिहासाला एक जुना आणि अवघड आरंभ देते. त्या आरंभात ज्ञानदान आहे आणि बळजबरीही आहे. गावातील मुलांसाठी उघडलेले विद्यालय आहे आणि त्यासाठी हिरावलेले गावाचे देवस्थानही आहे. वर्गात हा इतिहास शिकविताना यांपैकी एक बाजू गाळणे सोपे असते. परंतु तसे केल्यास विद्यार्थ्यांसमोर अर्धी इमारतच उभी राहते. महाशिवरात्रीस लेण्यात येणारे भाविक आणि जवळच्या चर्चमध्ये जाणारे श्रद्धाळू एकाच टेकडीच्या वाटा वापरतात. त्या टेकडीत खडकाच्या एका थराने छत आणि भुई अशी दोन्ही कामे आजवर निभावली आहेत. तो थर सुरक्षित राखणे हे पुरातत्त्व खात्याइतकेच, 'महाविद्यालय' हे नाव धारण करणाऱ्या उपनगरातील आजच्या संस्थांचेही उत्तरदायित्व आहे.